लंडनच्या प्लेगवरचं जुनं लिखाण कसं वाचावं: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इथे नेमकं कोणतं लिखाण धरलं आहे?

1603 ते 1722 या काळात लंडनच्या प्लेगवर इंग्रजीत जे लिहिलं गेलं, ते. या सुमारे 120 वर्षांत शहरात 1603, 1625, 1636 आणि 1665 अशा चार मोठ्या साथी आल्या. प्रत्येक साथीने मागे कागद ठेवले: सरकारी हुकूम, दर आठवड्याचे मृत्यूचे तक्ते, वैद्यांचे ग्रंथ, चर्चमधली प्रवचनं, रोजनिशा, रस्त्यावर विकली जाणारी छोटी चोपडी. 1603 साली नाटकगृहं बंद पडली तेव्हा थॉमस डेकर या नाटककाराने त्या वर्षावर चोपडं लिहिलं. 1665 च्या साथीवर सर्वांत जास्त लिहिलं गेलं आहे, म्हणून इथली बहुतेक उदाहरणं त्याच वर्षाची आहेत.

सुरुवात कशाने करू? डॅनियल डेफोचं ‘अ जर्नल ऑफ द प्लेग इयर’ हे पुस्तक आधी वाचलं तर चालेल का?

चालेल, पण आधी एखादा मृत्युतक्ता नीट वाचा. डेफोच्या पुस्तकात पानोपानी याच तक्त्यांचे आकडे येतात. तक्ता कसा तयार होत होता हे ठाऊक नसेल तर ते आकडे नुसतेच डोळ्यांखालून जातात. आम्ही सुचवतो तो क्रम असा: 1665 चा एक साप्ताहिक तक्ता, मग याच तक्त्यांवरचं जॉन ग्रॉन्टचं 1662 चं पुस्तक, मग सॅम्युअल पीप्स या लंडनमधल्या सरकारी अधिकाऱ्याच्या रोजनिशीतला जून ते डिसेंबर 1665 हा भाग, आणि शेवटी डेफो.

मृत्युतक्ता म्हणजे काय? तो कोण तयार करायचं?

आधी शब्दाबद्दल. बऱ्याच मराठी लेखांत याला ‘मृत्युपत्र’ म्हटलेलं दिसतं. मराठीत मृत्युपत्र म्हणजे इच्छापत्र, त्यामुळे वाचक पहिल्याच ओळीत चुकतो. ‘मृत्युतक्ता’ म्हणा.

कोणत्या पॅरिशमध्ये या आठवड्यात किती माणसं पुरली, त्यातली प्लेगची किती, हे सांगणारा हा छापील कागद होता. पॅरिश म्हणजे एका चर्चच्या हद्दीतली वस्ती. वसईकडचे ख्रिस्ती लोक ज्याला धर्मग्राम म्हणतात, ते. डिसेंबर 1603 पासून हे तक्ते दर आठवड्याला सलग निघू लागले. 1629 पासून त्यांत मृत्यूची कारणं आणि स्त्री-पुरुष अशी वेगळी नोंद छापली जाऊ लागली. मेलेल्याचं वय मात्र 1728 पर्यंत नव्हतं, त्यामुळे 1665 मध्ये मुलं किती गेली हे तक्त्यावरून थेट काढता येत नाही.

ग्रॉन्टने कामाची रीत सविस्तर सांगितली आहे. माणूस गेला की चर्चची घंटा वाजवली जाई किंवा थडगं खणणाऱ्याला कळवलं जाई. त्यावरून ‘सर्चर’ बायका घरी जाऊन प्रेत पाहत आणि मृत्यूचं कारण ठरवून पॅरिशच्या कारकुनाला सांगत. कारकून आठवड्याचा हिशेब करून मंगळवारी रात्री कारकुनांच्या मंडळाच्या कचेरीत पोचवी. बुधवारी सगळ्या पॅरिशांचा गोषवारा जुळवून छापला जाई आणि गुरुवारी तक्ता वर्गणीदारांच्या घरी जाई. वर्षाची वर्गणी चार शिलिंग.

हा रस्ता लक्षात ठेवा, कारण यातल्या प्रत्येक टप्प्यावर आकडा बदलू शकत होता. घंटा वाजली नाही तर सर्चर येणार नाही. सर्चरने खोटं सांगितलं तर कारकून खोटं लिहिणार.

या सर्चर बायका कोण होत्या? त्यांच्यावर विश्वास ठेवायचा का?

शपथ घेतलेल्या, वयस्कर, बहुधा पॅरिशच्या मदतीवर जगणाऱ्या गरीब बायका. वैद्यकाचं शिक्षण नाही. 1665 च्या हुकुमांनुसार हे काम असेपर्यंत त्यांना दुकान चालवायला, लोकांचे कपडे धुवायला किंवा चार लोकांत मिसळून करायचं कुठलंही काम करायला मनाई होती. रस्त्याने जाताना हातात तीन फूट लांब लाल काठी उघडी धरायची, म्हणजे लोक बाजूला होतील.

ग्रॉन्ट त्यांच्याबद्दल कडक लिहितो: एका ग्रोटऐवजी दोन ग्रोट हातावर ठेवले आणि वर बिअरचा पेला पाजला की वाळून मेलेला माणूस क्षयाने गेला की गुप्तरोगाने, हे यांना सांगता येत नाही. ग्रोट म्हणजे चार पेनीचं नाणं. लाच चालत होती हे त्यावरून कळतं, पण ती का दिली जात होती हेही बघायला हवं. ‘प्लेग’ असा निकाल आला की सगळं घर बंद होई. कमाई थांबे आणि धडधाकट मुलं आजाऱ्यासोबत आत कोंडली जात. त्या घरातल्या आईने चार पेनी जास्त देऊन ‘ताप’ लिहून घेतला, तर तिला दोष देणं आम्हाला जमत नाही. अभ्यासकाने मात्र तो ताप प्लेगच्या खात्यात धरूनच पुढे जावं.

तक्ता हातात आला. आता काय काय बघायचं?

12 ते 19 सप्टेंबर 1665 चा तक्ता घ्या. साथीतला हा सर्वांत वाईट आठवडा.

आधी एकूण दफनं बघा: 8,297. मग प्लेगची: 7,165. आधीच्या आठवड्यात एकूण 7,690 होती, म्हणजे 607 ने वाढ. ही वाढ तक्त्यात वेगळी छापलेली असते. मग पॅरिशांची ओळ: एकूण 130, त्यांपैकी प्लेगमुक्त 4, लागण झालेल्या 126. या 130 मध्ये तटबंदीच्या आतल्या 97, तटाला लागून बाहेरच्या 16, मिडलसेक्स आणि सरे भागातल्या 12 आणि वेस्टमिन्स्टरच्या 5. तटाच्या आतल्या 97 पॅरिश बहुतेक छोट्या आहेत, त्यामुळे नुसती पॅरिशांची संख्या पाहून साथ कुठे जास्त होती ते कळत नाही. बाहेरच्या 16 आणि 12 या गटांची बेरीज स्वतंत्र करा. गरिबांची दाट वस्ती तिथे होती.

आता एकूणमधून प्लेग वजा करा: 1,132. हा आकडा सहसा कुणी काढत नाही, आणि खरी माहिती त्यातच आहे. 1664 या साध्या वर्षात सगळी मिळून 18,297 दफनं झाली होती, म्हणजे आठवड्याला साधारण 350. सप्टेंबर 1665 मध्ये पैसेवाले शहर सोडून गेले होते, माणसं कमी होती, तरी ‘इतर कारणांनी’ तिप्पट माणसं मेली. मग कारणांच्या यादीत ‘ताप’, ‘ठिपक्यांचा ताप’, ‘दात’, ‘पोटातली कळ’ या ओळी साध्या वर्षाच्या तक्त्याशी ताडून बघा. ज्या ओळी प्लेगबरोबर फुगतात आणि प्लेगबरोबरच ओसरतात, तिथे प्लेग लपलेला आहे असं समजा.

तळाशी एक ओळ असते, ती सोडू नका: महापौरांच्या हुकुमाने पावाचं वजन. एका पेनीचा गव्हाचा पाव साडेनऊ औंस भरला पाहिजे. सात हजार प्लेगबळींच्या त्याच कागदावर पावाचं माप छापलेलं आहे. हा तक्ता घरात रोजच्या उपयोगाचा कागद होता.

1665 मध्ये 68,596 माणसं प्लेगने मेली, हा आकडा बरोबर का?

वार्षिक तक्त्यातला छापील आकडा तोच आहे, म्हणून उद्धृत करताना ‘तक्त्यानुसार’ हा शब्द जरूर घाला. त्या वर्षाची एकूण दफनं 97,306. तक्त्याचं वर्ष डिसेंबर ते डिसेंबर, 20 डिसेंबर 1664 ते 19 डिसेंबर 1665 असं आहे.

ग्रॉन्टने 1625 च्या साथीवर जी रीत वापरली ती इथे लावून बघा. त्याचं म्हणणं असं की साथीच्या वर्षात इतर कारणांचे मृत्यू एरवीपेक्षा जितके जास्त दिसतात, तितके प्लेगमध्ये मिळवावेत. 97,306 मधून 68,596 वजा केले की 28,710 उरतात. 1664 चे 18,297 त्यातून काढले की 10,413 जादा. ते प्लेगमध्ये मिळवले की सुमारे 79,000. ग्रॉन्टला 1625 साठी छापील आकड्यात चौथा हिस्सा वाढवावा लागला होता. इथे साधारण 15 टक्के वाढतात.

तरी हा आकडा कमीच पडतो. तक्ता मोजतो ती चर्च ऑफ इंग्लंडच्या रीतीने झालेली दफनं. क्वेकर आणि इतर वेगळ्या पंथांचे लोक घंटा वाजवू देत नसत, आपल्या जागेत पुरत. रात्री गाडीतून खड्ड्यात टाकलेली प्रेतं मोजायला सप्टेंबरमध्ये माणूसच शिल्लक नव्हता. आजचे इतिहासकार सर्वसाधारणपणे एक लाखाच्या आसपासचा अंदाज धरतात.

उलटी चूकही होते. जादा भरणारा प्रत्येक ताप प्लेगच होता असं नाही. उपासमार आणि दाटीवाटी यांबरोबर उवांनी पसरणारा ठिपक्यांचा ताप त्या काळात खरोखरच होता. म्हणून 79,000 हा आकडा नेमका म्हणून वापरू नका, त्याने फक्त दिशा कळते.

पीप्सच्या रोजनिशीत काय शोधायचं?

तक्त्याच्या मागचे हात. 30 ऑगस्ट 1665 ला पीप्सला त्याच्या पॅरिशचा कारकून हॅडली भेटतो. साथीचं कसं काय, असं पीप्स विचारतो. हॅडली सांगतो की फार वाढली आहे, आपल्याच पॅरिशमध्ये या आठवड्यात नऊ गेले, पण मी सहाच लिहून दिले. या एका वाक्याइतका चांगला पुरावा दुसरा नाही: छापील आकडा पुरवणारा माणूस स्वतःच्या तोंडाने सांगतो आहे. दुसऱ्याच दिवशी पीप्स आठवड्याचा आकडा लिहितो, 7,496 पैकी प्लेगचे 6,102, आणि पुढे नोंदवतो की खरा आकडा दहा हजारांच्या जवळ असावा, कारण गरिबांची मोजदाद होत नाही आणि क्वेकर घंटा वाजवू देत नाहीत.

7 जूनची नोंदही वाचा. ड्रुरी लेनमध्ये त्याला लाल फुलीची दोन-तीन घरं दिसतात, आणि तो हुंगायला आणि चघळायला तंबाखू विकत घेतो. 3 सप्टेंबरला तो नव्या केसांच्या टोपाबद्दल लिहितो: हे केस प्लेगने मेलेल्यांच्या डोक्यावरचे असतील या भीतीने पुढे कुणी टोप घेणारच नाही.

रोजनिशी लघुलिपीत होती आणि 1825 मध्ये पहिल्यांदा छापली गेली. त्यामुळे डेफोने पीप्स वाचला होता असं कुठे दिसलं तर ते चूक आहे.

डेफोने प्लेग स्वतः पाहिला होता का?

तो तेव्हा जेमतेम पाच वर्षांचा होता. पुस्तक 1722 मध्ये आलं. निवेदक ‘एच. एफ.’ हा ऑल्डगेटचा खोगीर करणारा कारागीर आहे. डेफोचा काका हेन्री फो खोगिराच्याच धंद्यात होता, त्यावरून ही अक्षरं आली असावीत. 1720 मध्ये मार्सेय बंदरात ‘ग्रां-सेंत-आंत्वान’ या जहाजाबरोबर प्लेग आला आणि लंडन पुन्हा धास्तावलं. पुस्तकाला ती पार्श्वभूमी आहे.

मग ती कादंबरी मानायची की इतिहास? दोन्ही कप्पे अपुरे पडतात. साप्ताहिक आकडे त्याने छापील तक्त्यांवरून घेतले आहेत, महापौरांचे हुकूम जवळजवळ जसेच्या तसे दिले आहेत, आणि डॉ. नेथॅनियल हॉजेस या साथीत शहर न सोडलेल्या वैद्याच्या लॅटिन ग्रंथाचं इंग्रजी भाषांतर 1720 मध्येच आलेलं होतं. आकडे आणि हुकूम असतील तिथे मूळ कागदाशी ताडून वापरा. संवाद, खड्ड्याकाठचे प्रसंग आणि पळून गेलेल्या तिघांची लांबलचक गोष्ट यांना साक्षीपुरावा म्हणून उद्धृत करू नका.

घर बंद करायचे नियम नेमके काय होते?

1665 च्या लंडनच्या हुकुमांनुसार अंगावर गाठ, सूज किंवा जांभळा डाग दिसला की घरमालकाने दोन तासांत आरोग्य तपासनिसाला कळवायचं. दाराच्या मधोमध एक फूट लांबीची लाल फुली काढायची आणि तिच्या वर ‘देवा, आमच्यावर दया कर’ ही छापील ओळ लावायची. घर महिनाभर बंद. दारावर दोन पहारेकरी: दिवसाचा रात्री दहापर्यंत, रात्रीचा सकाळी सहापर्यंत. आतल्यांना काही हवं असेल तर ते पहारेकऱ्याने आणून द्यायचं. दफन सूर्योदयाआधी किंवा सूर्यास्तानंतर, थडगं किमान सहा फूट खोल, प्रेताबरोबर नातेवाईक-शेजारी कुणी नाही.

यात बिघडत काय होतं? पहारेकरी पुढच्या दारावर आणि घराला मागचं दार. पहारेकऱ्याला काहीतरी आणायला पाठवलं की दार मोकळं. कोंडून घालणार हे ठाऊक असल्यामुळे लोक आजार लपवत, आणि लपवल्यामुळे तो पसरे. हॉजेसने निरोग्यांना आजाऱ्यांबरोबर कोंडण्यावर तेव्हाच टीका केली होती.

त्या काळच्या औषधांच्या कृती कशा वाचायच्या?

लंडनच्या वैद्यांच्या महाविद्यालयाने दिलेली ही कृती बघा. मोठा कांदा पोखरायचा. आत एक अंजीर, बारीक चिरलेला सताप आणि एक ड्रॅम व्हेनिस ट्रीकल भरायचं. ओल्या कागदात घट्ट गुंडाळून निखाऱ्यात भाजायचा आणि गरमागरम गाठीवर बांधायचा. असे तीन-चार कांदे, एकामागून एक, प्रत्येक तीन तास. ड्रॅम म्हणजे औंसाचा आठवा भाग, पावणेचार ग्रॅमहून थोडा जास्त. ट्रीकल म्हणजे इथे काकवी नव्हे. सापाचं मांस आणि अफू धरून साठाहून अधिक जिन्नसांचं ते औषध होतं.

पोटिस बांधून गाठ पिकवायची, फोडायची आणि विष बाहेर काढायचं, असा त्यामागचा विचार. गाठ फुटून वाहिली की रोगी वाचण्याची आशा वाढते, हे वैद्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं होतं, म्हणून ही कृती शंभर वर्षं टिकली. जंतू मात्र तोवर रक्तात पोचलेला असे आणि त्यावर कांद्याचा काही इलाज नव्हता. या कृती वाचण्यासाठी आहेत, करून बघण्यासाठी नाहीत. प्लेग आजही आहे आणि वेळेत दिलेल्या अँटिबायोटिक्सने बरा होतो.

चोचीचा मुखवटा, ‘रिंगा रिंगा रोझेस’ आणि मोठी आग: यांतलं खरं काय?

प्लेगच्या वैद्यांचा चोचीचा वेश इटली-फ्रान्सकडचा. त्याचं प्रसिद्ध चित्र 1656 मध्ये रोमच्या वैद्याचं म्हणून जर्मनीत छापलं गेलं. लंडनच्या 1665 च्या लेखावर ते लावू नका. ‘रिंगा रिंगा’ इंग्लंडमध्ये छापील रूपात 1881 मध्ये दिसतं आणि त्याचा प्लेगशी लावलेला संबंध विसाव्या शतकातला. 1666 च्या लंडनच्या मोठ्या आगीने प्लेग संपवला असं म्हणतात, पण त्या आगीआधीच साथ ओसरली होती, आणि आगीत जळाला तो मुख्यतः तटाच्या आतला भाग. प्लेगने जास्त माणसं मेली ती बाहेरच्या पॅरिशांत.

उंदीर कुणाच्याच लक्षात आले नाहीत का?

लंडनच्या हुकुमांत कुत्री-मांजरं मारायला सांगितली आहेत. उंदीर मरून पडणं आणि माणसं आजारी पडणं यांचा धागा तिथे जुळला नाही. तो धागा त्याच शतकात जहांगीर बादशहाच्या आत्मचरित्रात दिसतो. आसफखानाच्या मुलीने सांगितलेली हकीकत तो देतो: अंगणात एक उंदीर झिंगल्यासारखा धडपडत होता, मांजरीने तो तोंडात धरून लगेच टाकून दिला, मांजर आजारी पडली, मग दासीला ताप आणि गाठ आली, आणि आठ-नऊ दिवसांत घरातली सतरा माणसं गेली. जंतू सापडला 1894 मध्ये हाँगकाँगला, आणि पिसवांचा दुवा पॉल-लुई सिमोंने 1898 मध्ये कराचीत प्रयोग करून दाखवला. लंडनमधल्या जुन्या दफनभूमीत सापडलेल्या सांगाड्यांच्या दातांतून 1665 चा जंतू तोच असल्याचं 2016 मध्ये सिद्ध झालं.

आपल्याकडच्या 1896-97 च्या प्लेगशी या लिखाणाचा संबंध लावावा का?

रोग तोच, म्हणून लावता येतो, पण जपून. घरझडती, विलगीकरण, मृत्यू लपवणं या गोष्टी दोन्हीकडे आहेत. मात्र लंडनमध्ये दारावर येणारी सर्चर त्याच पॅरिशची म्हातारी होती आणि पुण्यात 1897 मध्ये घरात शिरले ते परक्या सत्तेचे गोरे सोल्जर. रँडवर 22 जूनला गोळी झाडली गेली तो संताप लंडनच्या कागदांत शोधून सापडणार नाही. त्या वेळच्या मराठी मजकुरात प्लेगसाठी ‘ग्रंथिक सन्निपात’ असाही शब्द येतो. जुनी वृत्तपत्रं चाळताना त्या नावानेही शोधा.

भाषांतरात कोणते शब्द हमखास चुकतात?

‘रायझिंग ऑफ द लाइट्स’ हे मृत्यूचं कारण आहे. इथे ‘लाइट्स’ म्हणजे फुप्फुसं. दिव्यांशी संबंध नाही, श्वासाचा विकार समजा. ‘किंग्ज ईव्हिल’ म्हणजे गंडमाळा. ‘टीथ’ म्हणजे दात येण्याच्या वयात गेलेली बाळं, ‘क्रिझम्स’ म्हणजे महिन्याच्या आतली. ‘टोकन्स’ म्हणजे मरणाआधी अंगावर उमटणारे डाग, ‘कार्बंकल’ म्हणजे काळपुळी. ‘व्हिझिटेड हाऊस’ म्हणजे लागण झालेलं घर. पाहुणे आलेलं घर असं भाषांतर आमच्या पाहण्यात आलं आहे. आणि ‘द सिकनेस’ एवढंच लिहिलेलं असेल तर बहुतेक वेळा प्लेगच अभिप्रेत असतो.

तारखा आणि जुनी अक्षरं यांचा गोंधळ कसा टाळायचा?

इंग्लंडमध्ये तेव्हा सरकारी वर्ष 25 मार्चला बदलत असे, आपल्याकडे पाडव्याला शक बदलतो तसं. त्यामुळे कागदावर ‘10 फेब्रुवारी 1665’ असेल तर आपल्या हिशेबाने ते 1666 असण्याची शक्यता मोठी. जानेवारी ते 24 मार्चची प्रत्येक तारीख तपासून घ्या आणि टिपणात 1665/66 असं दोन्ही लिहा. शिवाय इंग्लंडची तारीख युरोपातल्या नव्या पंचांगाच्या दहा दिवस मागे होती. लंडनचा 12 सप्टेंबर म्हणजे पॅरिसचा 22 सप्टेंबर.

छपाईतला लांब ‘एस’ हा ‘एफ’सारखा दिसतो. नीट पाहिलं तर त्याची आडवी रेघ फक्त डाव्या बाजूला असते, उजवीकडे ओलांडत नाही. स्कॅन केलेल्या पुस्तकांत संगणक तो ‘एफ’ म्हणूनच वाचतो, म्हणून ‘सिक’ शोधताना पहिल्या ‘एस’च्या जागी ‘एफ’ घालूनही शोधा. शब्दाच्या शेवटी मात्र नेहमीचाच छोटा ‘एस’ येतो.